खोडी, फजिती आणि पळापळ: मूकपटांतल्या लबाडांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मूकपट म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे चार्ली येतो आणि गोष्ट तिथेच थांबते. पण पडद्यावरची लबाडी चार्लीच्या एकोणीस वर्षं आधी, एका बागेत सुरू झाली. तिथपासून पुढच्या तीस-बत्तीस वर्षांबद्दल लोक हमखास जे विचारतात, त्याची ही उत्तरं. क्रम साधारण काळाचा आहे, पण मध्ये मध्ये मी भरकटलो आहे.

‘स्लॅपस्टिक’ हा शब्द आला कुठून?

लाकडाच्या दोन पातळ फळ्यांपासून. सोळाव्या शतकापासून इटलीत कोमेदिया देल्लार्ते नावाची फिरत्या मंडळींची नाटकं चालत. त्यात आर्लेक्कीनो नावाचा एक नोकर असे. ठिगळाठिगळांचा पोशाख, तोंडावर मुखवटा आणि कमरेला खोचलेली काठी. ही काठी म्हणजे मुठीशी जोडलेल्या दोन फळ्या, मध्ये फट. कुणाच्या पाठीत घातली की फळ्या एकमेकींवर आपटून फाडकन आवाज होई, पण अंगाला फारसं लागत नसे. या काठीचं इंग्रजी नाव पुढे विनोदाच्या त्या जातीलाच चिकटलं. मराठीत मी त्याला ‘आपटाआपटीचा विनोद’ म्हणतो. याहून चांगला शब्द कुणी सुचवला तर लगेच बदलेन.

गंमत अशी, की आवाजावरून नाव पडलेला हा विनोद सर्वांत फुलला तो आवाज नसलेल्या सिनेमात. अर्थात थिएटरं कधीच मुकी नव्हती. पडद्याखाली पियानोवाला असे, मोठ्या थिएटरात ड्रमवालाही असे, आणि पडद्यावर कुणी आपटलं की हा बरोबर त्या क्षणी थाप देई. म्हणजे फळीचा आवाज होताच, तो फक्त पडद्यावरून खाली उतरून वादकाच्या हातात आला होता.

आर्लेक्कीनो आणि त्याचा जोडीदार ब्रिगेल्ला यांचं काम एकच, मालकाला शेंडी लावायची. पुढे येणारे सगळे लबाड याच कुळातले.

सिनेमातली पहिली खोडी कोणती?

सिनेमाचं यंत्र बनवणाऱ्या फ्रान्सच्या लुमिएर बंधूंच्या १८९५ सालच्या एका छोट्या चित्रपटातली. चित्र मिनिटभराचंही नाही. माळी नळीने बागेला पाणी घालतोय. मागून एक पोरगा येतो आणि नळीवर पाय देतो. पाणी बंद. माळी चक्रावतो आणि नळीच्या तोंडात डोकावून पाहतो. पोरगा पाय उचलतो. पाणी थेट माळ्याच्या तोंडावर, टोपी उडून खाली. मग माळी पोराला पकडतो, चोप देतो आणि पुन्हा पाणी घालायला लागतो.

२८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसच्या ग्रँड कॅफेत तिकीट लावून सिनेमाचा जो पहिला प्रसिद्ध खेळ झाला, त्यातल्या दहा चित्रांत हे होतं. बाकीच्या नऊंमध्ये कामगार कारखान्यातून बाहेर पडतात, बाळ भात-पेजेसारखं काहीतरी खातं, लोक समुद्रात उड्या मारतात. म्हणजे नुसतं पाहायचं. रचलेली गोष्ट, जिला सुरुवात आहे आणि शेवट आहे, ती ही एकच. गोष्ट सांगणारा सिनेमा खोडीपासून सुरू झाला असं म्हटलं तर फार चूक होणार नाही.

यातला माझा आवडता क्षण मात्र पाण्याचा नाही. पोरगा पळतो तो चौकटीच्या कडेला, जवळजवळ चित्राबाहेरच. कॅमेरा तिपाईवर ठोकलेला, तो वळत नाही. मग माळी काय करतो, तर पोराला धरून पुन्हा मधोमध ओढत आणतो आणि तिथे बडवतो. शिक्षा लोकांना दिसली पाहिजे ना! खऱ्या आयुष्यात कुणी असं करत नाही, सापडेल तिथेच दोन ठेवून देतो. कॅमेऱ्यापुढे कसं वागायचं याची समज इथे पहिल्यांदा दिसते.

१८९६ मध्ये लुमिएरच्या खेळांसाठी जे भित्तिपत्रक छापलं त्यातही हेच चित्र आहे: समोर पडद्यावर भिजलेला माळी आणि त्याला हसणारे प्रेक्षक.

हे चित्र मुंबईतही त्याच वेळी दाखवलं होतं का?

७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात लुमिएरचा माणूस मारियस सेस्तिए याने जो पहिला खेळ केला, त्याच्या जाहिरातीत सहा चित्रं आहेत. आगगाडी आहे, समुद्रस्नान आहे, कारखान्याचे कामगार आहेत. माळीबुवा त्या यादीत नाहीत.

सुरुवातीच्या सिनेमात इतके खोडकर का? दुसरे विषय नव्हते का?

विषय खूप होते, पण खोडीइतका सोयीचा एकही नव्हता. रीळ मिनिटभराचं, कॅमेरा हलत नाही, संवाद नाहीत, मधल्या पाट्याही अजून आलेल्या नाहीत. एवढ्यात प्रेक्षकाला कळेल अशी कोणती गोष्ट सांगणार? प्रेमकथेला वेळ लागतो. पौराणिक गोष्ट आधी ठाऊक असावी लागते. खोडीला काहीच लागत नाही. एक लबाड, एक बावळट आणि मध्ये एखादी वस्तू. नळी, शिडी, पिठाची गोणी, रंगाचा डबा, खुर्ची. लबाड वस्तू बिघडवतो, बावळट ती वापरायला जातो, आणि मधल्या चार सेकंदांत काय होणार हे फक्त आपल्याला आणि लबाडाला ठाऊक असतं. त्या चार सेकंदांसाठी आपण त्याचे साथीदार होतो. हसू येतं ते या भागीदारीमुळे. पाणी उडतं तेव्हा तर निम्मं हसून झालेलं असतं.

खोडकर बहुधा लहान मुलगा असे, याचंही कारण आहे. मोठ्या माणसाने हेच केलं तर तो गुंड ठरतो, मुलाने केलं तर शेवटी एक चपराक आणि हिशोब मिटला. छापील चित्रमालिकांत अशा वात्रट पोरांची चलती आधीच होती, सिनेमाने ती पोरं आयती उचलली. आणि सिनेमावाल्यांनी एकमेकांची उचलली. त्या माळ्याच्या चित्राच्या नकला युरोप-अमेरिकेत इतक्या झाल्या की मोजणं अवघड. मेलिएससारख्या माणसानेही १८९६ मध्ये एक करून ठेवली होती.

मेलिएस तर चंद्रावर जाणाऱ्या तोफगोळ्यासाठी प्रसिद्ध. त्याचा या विनोदाशी काय संबंध?

तोफगोळ्यापेक्षा इथला संबंध जवळचा आहे. जॉर्ज मेलिएस मूळचा जादूगार. १८८८ पासून पॅरिसचं रॉबेर-हूदँ हे जादूचं थिएटर त्याच्या मालकीचं होतं. तो स्वतः सांगायचा ती हकिकत अशी: रस्त्यावर चित्रण करताना कॅमेरा अडकला, मिनिटभराने पुन्हा चालू झाला, आणि पडद्यावर पाहतो तो बसगाडीची शववाहिका झालेली! कॅमेरा थांबवायचा, वस्तू बदलायची, पुन्हा चालवायचा, ही युक्ती त्याला अशी सापडली म्हणे. जादूगाराने सांगितलेली गोष्ट आहे, किती विश्वास ठेवायचा ते तुम्ही ठरवा.

ही युक्ती त्याने खोडीसाठी वापरली. १८९७ च्या एका चित्रात दमलेला प्रवासी खाणावळीच्या खोलीत येतो, तर मेणबत्ती जागची हलते, कपडे चालू लागतात. १९०० च्या दुसऱ्या चित्रात एक माणूस झोपण्यापूर्वी कपडे काढू पाहतो. कोट काढला की अंगावर दुसरा कोट, पँट काढली की दुसरी पँट. शेवटी वेडापिसा होऊन गादीवर लोळतो. इथे खोडकर पोरगा दिसतच नाही, कारण खोडी काढणारा खुद्द कॅमेरा आहे. नळीवर पाय देणारा चौकटीत होता, तो आता चौकटीमागे जाऊन बसला.

प्रत्येक चित्राचा शेवट पळापळीतच का होतो?

साधारण १९०१ नंतर लोकांच्या लक्षात आलं की माणूस चौकटीबाहेर पळाला तर त्याला ओढून परत आणायची गरज नाही. दुसरा तुकडा जोडायचा आणि त्यात त्याला पळत आत आणायचा. इंग्लंडमध्ये जेम्स विल्यमसनने १९०१ मध्ये हेच केलं. भटक्या माणूस खाटकाच्या पोराच्या परातीतून मांस पळवतो, मागे पोरगा, मागे कुत्री, आणि तुकड्यामागून तुकडा.

एकदा हे जमलं आणि मग काही धरबंध उरला नाही. १९०४ मध्ये अमेरिकेत बायोग्राफ कंपनीने एक चित्र काढलं. फ्रेंच गृहस्थ वर्तमानपत्रात ‘वधू पाहिजे’ अशी जाहिरात देतो, एकीऐवजी झुंडच येते, तो पळतो आणि त्या शेतं, कुंपणं, उतार ओलांडत मागे धावतात. चित्र इतकं चाललं की एडिसन कंपनीने त्याच वर्षी तीच गोष्ट पुन्हा काढली आणि प्रकरण कोर्टात गेलं. लबाडांच्या चित्रांवरून निर्मात्यांचीच लबाडी!

या प्रकारातलं माझं सर्वांत लाडकं चित्र पाते या फ्रेंच चित्रपट कंपनीचं, १९०७ चं. त्यात चोर आहे कुत्रा. खाटकाकडचा मांसाचा तुकडा घेऊन तो सुटतो, मागे पॅरिसचे पोलीस. पोलीस भिंतींवर चढतात, छपरांवरून जातात, आणि मधेच कुत्रं ठरवतं की पुरे झालं. ते उलटं फिरतं आणि सगळी फौज त्याच्यापुढे पळत सुटते. अमेरिकेतले ते प्रसिद्ध गोंधळी पोलीस याच्या पाच वर्षांनंतर आले, हे लक्षात ठेवा.

म्हणजे हा विनोद अमेरिकेचा नव्हे?

पहिल्या महायुद्धापर्यंत या धंद्यात फ्रान्स आणि इटलीच पुढे होते. आंद्रे देद हा पातेकडे बोइरो नावाने धिंगाणा घालायचा, १९०९ मध्ये तो तुरीनच्या इताला कंपनीत गेला आणि क्रेतिनेत्ती झाला. देश बदलला की पात्राचं नाव बदलायचं. मूकपटाची ही मोठी सोय, पाट्या बदलल्या की माणूस त्या देशाचा.

दुसरा फ्रेंच विनोदी नट मॅक्स लिंडर. उंची टोपी, हातमोजे, रेशमी गळपट्टा. तोवर विनोदी नट म्हणजे फाटका आणि वेडावाकडा. लिंडरने दाखवलं की गडगडत खाली येणारा माणूस जितका झुळझुळीत, तितकं हसू जास्त. १९२१ च्या त्याच्या एका अमेरिकन चित्रातला प्रसंग सांगायलाच हवा. नोकराच्या हातून मालकाचा मोठा आरसा फुटतो. मालक दाढी करायला येणार. नोकर काय करतो, तर मालकासारख्या दिसणाऱ्या आचाऱ्याला आरशाच्या रिकाम्या चौकटीमागे उभं करतो आणि मालकाची हुबेहूब नक्कल करायला लावतो. मालकाला संशय येतो. तो नाना तऱ्हेने प्रतिबिंबाची परीक्षा घेतो, शेवटी लबाडी ओळखतो आणि जोडा हातात घेऊन येतो. पण तेवढ्यात नोकराने खरी काच बसवून घेतलेली असते. जोडा बसतो तो खऱ्या आरशावर! आर्लेक्कीनोची फळीच ही, फक्त आता तिचा आवाज काचेचा आहे.

आरशाचा हा खेळ पुढे अनेकांनी उचलला. लिंडरने मात्र १९२५ मध्ये पत्नीसह आयुष्य संपवलं. चॅप्लिनने आपलं एक छायाचित्र त्याला गुरू म्हणून अर्पण केलं होतं, एवढंच इथे नोंदवतो.

खोडकर मुली नव्हत्या का?

होत्या, आणि मुलांपेक्षा जास्त विध्वंसक होत्या. पातेच्या १९१०-१२ च्या काळातल्या लेओंतीनच्या चित्रांत एका मुलीला खेळण्यातली होडी मिळते. होडी चालवायला पाणी हवं. म्हणून ती घरातच पाणी सोडते, आणि मग मजल्यामागून मजला बुडतो. इंग्लंडमध्ये हेपवर्थ कंपनीच्या टिली मालिकेत आल्मा टेलर आणि क्रिसी व्हाइट या दोघी बहिणी बनून उच्छाद मांडायच्या.

मुलांना शेवटी चोप मिळे, या मुली मात्र बऱ्याचदा सुटायच्या. टिली तर शेवटी घरात शहाण्यासारखी बसलेली सापडते.

अमेरिकेत विनोदी नटी मेबल नॉर्मंड. १९१३ च्या एका चित्रात तिने रॉस्को आर्बकल या लठ्ठ विनोदी नटाच्या तोंडावर पाय फेकून मारला, म्हणजे खायचा पाय, फळं किंवा कस्टर्ड भरलेला. तोंडावर पाय बसण्याचा प्रकार तिच्याही आधी, १९०९ मध्ये बेन टर्पिन या विनोदी नटाच्या एका चित्रात आहे, त्यामुळे ‘पहिला पाय कुणाचा’ या वादात पडू नका. मेबल १९१४ मध्ये चित्रं दिग्दर्शितही करत होती, हे मात्र लोक विसरतात.

कीस्टोनचे पोलीस इतके मूर्ख का?

अमेरिकेतले ते गोंधळी पोलीस म्हणजे हेच. निर्माता मॅक सेनेटने १९१२ मध्ये लॉस एंजेलिसच्या एडेनडेल भागात कीस्टोन ही विनोदी चित्रांची कंपनी सुरू केली. त्याचा हिशोब साधा होता: प्रतिष्ठा जेवढी मोठी, आपटणं तेवढं मजेशीर. गणवेश घातलेला माणूस पडला की गणवेशही पडतो. तिकीट काढून बसलेल्या प्रेक्षकांत गरीब, परदेशातून आलेले, इंग्रजी न येणारे पुष्कळ. रोज दंडुका दाखवणारा शिपाई गाडीतून लोंबकळत फरफटत जाताना पाहून त्यांना जे सुख होई, त्याला अनुवाद लागत नसे.

पण खरं सांगायचं तर कीस्टोनची पुष्कळ चित्रं आज बघवत नाहीत. सगळे एकाच वेळी एकमेकांना मारत असतात, कोण कुणाला का मारतोय याचा पत्ता नाही. नळीवरच्या पोरात जी मोजूनमापून केलेली लबाडी होती, ती इथे धुळीत हरवते.

चॅप्लिन पहिल्या चित्रात भामटा होता, हे खरं का?

अगदी खरं. २ फेब्रुवारी १९१४ ला आलेल्या त्याच्या पहिल्या चित्रात ना ती टोपी आहे, ना ते ढगळ पँट. उंच टोपी, लांब कोट, एका डोळ्याची काच आणि ओघळलेल्या मिशा. काम काय, तर लोकांना टोपी घालणं. एका बातमीदाराकडे पैसे मागतो, मिळालेलं नाणं फारच कमी म्हणून तुच्छतेने नाकारतो, आणि तो परत खिशात ठेवतोय असं दिसताच झटकन घेतो. पुढे त्याच बातमीदाराचा कॅमेरा लांबवून आतल्या छायाचित्रावर स्वतः नोकरी मिळवतो. पाच दिवसांनी, ७ फेब्रुवारीला आलेल्या चित्रात तंग कोट, ढगळ पँट आणि छडी प्रेक्षकांना पहिल्यांदा दिसली.

पोशाख बदलला, पण धंदा लगेच सुटला नाही. कीस्टोनच्या वर्षभरात त्याने पस्तीसच्या वर चित्रं केली. त्यांतला चार्ली लाथा मारतो, दुसऱ्याची बियर पितो, बायकांना छेडतो. ‘गरीब बिचारा चार्ली’ ही आपल्या मनातली मूर्ती नंतरची. पहिला चार्ली गरीब होता, बिचारा अजिबात नव्हता.

मग तो पकडला जाऊ नये असं आपल्याला का वाटतं?

हा या पानावरचा मला सर्वांत आवडणारा प्रश्न. नळीवर पाय देणाऱ्या पोराला चोप मिळतो तेव्हा आपण समाधानाने हसतो. पंचवीस वर्षांनी मात्र लबाड पळत असताना आपण मनातल्या मनात म्हणतो, पळ लेका. मधल्या काळात चॅप्लिनने लबाडीचं कारण बदललं. आता तो गंमत म्हणून फसवत नाही, पोटासाठी फसवतो.

१९१७ च्या चित्रातला हॉटेलचा प्रसंग घ्या. बिलात दहा सेंट कमी पडलेल्या गिऱ्हाइकाला वेटर मंडळी बेदम धोपटतात. चार्ली हे बघत बघत जेवतोय, आणि त्याच्या खिशातलं एकमेव नाणं भोकातून केव्हाच पडून गेलंय. कसंबसं एक नाणं पायाखाली दाबून मिळवतो, तर धिप्पाड वेटर ते दातांखाली धरतो आणि नाणं वाकतं. खोटं! इथे हसू येतं, पण पोटात गोळाही येतो. आपण लबाडाचे साथीदार होतोच, आता त्याच्याबरोबर भुकेचेही भागीदार झालो.

१९२१ चं ‘द किड’ तर सगळ्यांनी पाहिलेलं आहे. पोरगा खिडक्या फोडतो, मागून चार्ली पाठीवर काचा घेऊन ‘योगायोगाने’ येतो. एकदा पोरगा दगड मारायला हात मागे नेतो आणि हात लागतो तो मागे उभ्या असलेल्या शिपायाच्या अंगाला. मग तो दगड नुसताच वर उडवून झेलतो, जणू खेळतोच आहे. हा पोरगा मला नळीवरच्या पोराचा धाकटा भाऊ वाटतो. फरक एवढाच की याची खोडी हा घरचा रोजगार आहे.

१९२३ च्या चित्रात चार्ली तुरुंगातून पळालेला कैदी होऊन पाद्र्याचे कपडे चढवतो. गावकरी त्याला खरा पाद्री समजून चर्चमध्ये उभा करतात, आणि तो बायबलमधली दावीद-गल्याथची गोष्ट हातवारे करून अशी रंगवतो की एक छोटा मुलगा टाळ्या पिटतो. गावात त्याचा तुरुंगातला जुना दोस्त चोरी करायला येतो, आणि आता चोरालाच चोरावर पहारा ठेवावा लागतो. चोरावर मोर म्हणतात तसं. शेवटी शेरीफ त्याला मेक्सिकोच्या हद्दीवर नेतो, पलीकडची फुलं तोडून आण म्हणतो. हा शहाणा फुलं घेऊन परत येतो! सुटका समोर ठेवली तरी कळत नाही, असा लबाड. शेवटी एक पाय अमेरिकेत, एक पाय मेक्सिकोत टाकत तो सीमेवरूनच चालत सुटतो.

बस्टर कीटनच्या चित्रांत लबाड कोण?

बहुधा दुसराच कुणीतरी. चॅप्लिनच्याच काळातला हा अमेरिकन विनोदी नट फसवणारा कमी आणि फसणारा जास्त. १९२२ च्या एका चित्रात रस्त्यावर सामान मांडून ठेवलेलं असतं. घर बदलणाऱ्या कुटुंबाचं. एक भामटा कीटनच्या हातात नोटा पाहतो, सामानाशेजारी बसून रडायला लागतो, बेघर झालो म्हणून. कीटन कळवळतो आणि सामान विकत घेतो. तो ते गाडीत भरायला लागतो तेव्हा खऱ्या मालकाला वाटतं, आपला हमालच आला. मदतही करतो! कुणाचंच काही चुकलेलं नाही आणि सगळंच चुकलंय. तिथून ती गाडी पोलिसांच्या संचलनात शिरते, वरून कुणीतरी टाकलेला बॉम्ब हातात येतो आणि कीटन त्याच्या वातीवर सिगारेट पेटवतो. मग सगळं पोलीस खातं त्याच्या मागे.

मेलिएसने लबाडी कॅमेऱ्यात लपवली होती, कीटनने ती जगात सोडली. त्याच्याशी घरं लबाडी करतात, वारा करतो, आगगाड्या करतात.

तेव्हा माणसं इतकी भराभरा का चालतात?

दोन कारणं. कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण सोळा ते वीस चौकटी, म्हणजे रिळावरची एकेक चित्रं. ते रीळ नंतर बोलपटाच्या चोवीसच्या वेगाने लावलं की सगळे लगबगीत. हा दोष आपल्या यंत्राचा. दुसरं कारण मुद्दाम केलेलं. पाठलाग चित्रित करताना कॅमेरावाला दांडा हळू फिरवायचा, म्हणजे दाखवताना पाय चाकासारखे गरगरतील. वेग हीसुद्धा एक खोडीच.

ही नटमंडळी खरंच पडायची का?

पडायची. १९२४ च्या चित्रात कीटनच्या अंगावर रेल्वेच्या टाकीचं पाणी कोसळलं आणि मानेचं हाड मोडलं. ते त्याला कळलं कित्येक वर्षांनी, क्ष-किरण तपासणीत. १९२८ मध्ये घराची दर्शनी भिंत त्याच्यावर पडते आणि तो उघड्या खिडकीच्या जागी उभा असल्यामुळे वाचतो. त्यात कॅमेऱ्याची फसवाफसवी नाही, भिंत खरोखर वजनदार होती आणि दोन्ही खांद्यांशी काही इंचांचीच जागा. त्याच काळातला दुसरा विनोदी नट हॅरोल्ड लॉइड याने १९१९ मध्ये छायाचित्रासाठी हातात धरलेला खोटा समजलेला बॉम्ब फुटून उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी गमावली. १९२३ मध्ये घड्याळाला लटकलेला तो हात मोज्यातला आहे, हे माहीत झाल्यावर तो प्रसंग पुन्हा पाहा.

आपल्याकडे मूकपटांत असा विनोद होता का?

होता, आणि सुरुवात थेट दादासाहेब फाळक्यांपासून आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ नंतर वर्षभरातच, १९१४ मध्ये ‘मोहिनी भस्मासुर’ बरोबर त्यांनी ‘पिठाचे पंजे’ नावाचं छोटं विनोदी चित्र जोडून दाखवलं. मेलिएसप्रमाणे फाळकेही जादूगार होते. जादूचे प्रयोग ते ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने करत. फाळके उलटं वाचा. आडनावालाच कोलांटी मारायला लावणारा माणूस सिनेमात काय करील, याचा अंदाज तिथेच यावा.

माझ्या मते मात्र आपल्या मूकपटांतला अस्सल खोडकर म्हणजे १९१९ च्या ‘कालिया मर्दन’ मधला बाळकृष्ण. काम केलंय फाळक्यांच्या मुलीने, सातेक वर्षांच्या मंदाकिनीने. सुरुवातीला तिचे नुसते चेहऱ्यावरचे भाव दाखवले आहेत, मग गोकुळातल्या खोड्या, लोणी पळवणं. पाश्चात्त्य पडद्यावरचा खोडकर शेवटी बहुधा चोप खातो, कारण व्यवस्था जागेवर आली पाहिजे. आमच्या खोडकराला चोप देणार कोण? यशोदेने उखळाला बांधलं तरी उखळच ओढत नेतो. देवच लबाड असला की फजिती ही लीला होते, आणि गोकुळच्या गवळणी तक्रार करता करता हसतात. अशी सवलत चार्लीला कधीच मिळाली नाही.

जुन्या चित्रांत आज खटकावं असं काही आहे का?

पुष्कळ आहे. अमेरिकन चित्रांत गोरे नट तोंडाला काळं फासून ‘कोंबडीचोर’ होतात, आणि विनोद तेवढाच असतो. ते बघताना हसू येत नाही आणि येऊ नये. अपवादही आहेत. १९०७ च्या एडिसन कंपनीच्या चित्रात बर्था रेगस्टस ही कृष्णवर्णीय नटी दातांच्या डॉक्टरकडे हसवणारा वायू घेऊन बाहेर पडते, आणि तिचं हसू ट्राममध्ये, रस्त्यावर, थेट कोर्टातल्या न्यायाधीशापर्यंत सगळ्यांना लागत जातं. तिला कुणी हसत नाही, तिच्याबरोबर हसतात.

यातलं किती शिल्लक आहे?

थोडं. मूकपट ज्यावर असत ती नायट्रेटची फिल्म भडकन पेटते, कुजते, आणि तिच्यातल्या चांदीसाठी ती वितळवलीही गेली. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये केलेल्या पाहणीनुसार तिथल्या मोठ्या लांबीच्या मूकपटांपैकी सुमारे ७० टक्के नष्ट झाले आहेत. मेलिएसने १९२३ मध्ये वैतागून आपल्या मूळ प्रती स्वतःच जाळल्या, पुढे तो पॅरिसच्या रेल्वे स्टेशनवर खेळणी विकत होता. फाळक्यांच्या चित्रांचे जे तुकडे आज पाहायला मिळतात ते पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे, मुख्यतः ते उभारणाऱ्या पी. के. नायर यांच्या चिकाटीमुळे. त्याच पुण्यात २००३ मध्ये लागलेल्या आगीत नायट्रेटच्या कित्येक प्रती भस्मसात झाल्या.

कधी कधी मात्र दैव हात देतं. चॅप्लिनने १९१४ मध्ये पोलिसाची छोटी भूमिका केलेलं एक चित्र २०१० मध्ये मिशिगनमधल्या जुन्या वस्तूंच्या विक्रीत सापडलं. १९२७ च्या लॉरेल-हार्डीच्या चित्रातली, सुमारे तीन हजार पाय फेकले गेले म्हणतात ती मारामारी कित्येक दशकं तुकड्यांतच होती. हरवलेलं रीळ २०१५ मध्ये हाती आलं.

ही चित्रं बघायची तर परवानगी लागते का? सुरुवात कुठून करू?

भारतात चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनापासून ६० वर्षं चालतो, अमेरिकेत त्या काळच्या चित्रांना ९५ वर्षं. त्यामुळे यातली बहुतेक चित्रं आज सगळ्यांची आहेत. नव्याने केलेलं संगीत किंवा डागडुजी केलेली प्रत यांचे हक्क वेगळे असू शकतात. सोसायटीत चादर बांधून खेळ लावणार असाल तर एवढं तपासा.

मुलांबरोबर बघणार असाल तर आधी माळी आणि नळी, मग मांस पळवणारं कुत्रं, मग लिंडरचा आरसा. चॅप्लिन शेवटी ठेवा, नाहीतर बाकीच्यांकडे कुणी बघणार नाही. माझ्या भाचीने माळ्याचं चित्र सलग सात वेळा लावायला सांगितलं आणि आठव्या वेळी विचारलं, ‘मामा, त्याला माहीत होतं ना गं पाणी येणार?’ (ती सगळ्यांनाच ‘गं’ म्हणते.) आणि एक करा: एकाच चित्राच्या दोन-तीन प्रती सापडतील, त्यांतली माणसं माणसांसारखी चालतात ती निवडा.